वरची मूठ

साखरेचं पाकीट पिशवीत पडलं, पैशांची देवघेव झाली, दुकानदार पुढच्या गिऱ्हाइकाकडं वळला, आणि रुद्राणीचा उजवा हात काउंटरच्या काचेवर तसाच राहिला. तळवा वर, बोटं जराशी आत वळलेली. तिला पत्ताच नव्हता. बीडच्या सुभाष रोडवरचं नवंकोरं दुकान ते, ट्यूबलाइटचा पांढराफटक उजेड, दाराला तोरणासारख्या शांपूच्या पुड्यांच्या माळा, कुठं पोतं नाही, कुठं माप नाही, सगळं जागच्या जागी चिकटवून बंद केलेलं. "मॅडम, आणखी काही पाहिजे का?" दुकानदारानं विचारलं. चांगल्या आवाजात विचारलं बिचाऱ्यानं. तेव्हा कुठं तिनं खाली बघितलं, तर हा हात. कॉलेजात अर्थशास्त्र शिकवणारी, पस्तिशी उलटलेली बाई, भर बाजारात हात पसरून उभी! तिनं तो चटकन मागं घेतला, पदराशी काहीतरी चाळा केल्यासारखं केलं आणि "नाही, नाही, झालं" म्हणून पायऱ्या उतरली. मागं उभ्या असलेल्या बाईनं आधी तिच्याकडं बघितलं आणि मग मुद्दाम दुसरीकडं बघितलं. ते दुसरीकडं बघणं तिला जास्त लागलं.

हात काय मागत होता ते कळायला तिला रस्ता ओलांडेपर्यंतही वेळ लागला नाही. तो वरची मूठ मागत होता. दिंद्रुडला वडिलांच्या, शिवलिंगअप्पांच्या दुकानात जन्म काढलेला हात तो, त्याला पाकीट काय ठाऊक? अप्पा तोलायला बसले की पहिल्या मापाला एक कधी म्हणायचे नाहीत, 'लाभ' म्हणायचे, मग दोन, मग तीन. पितळेचं पारडं गिऱ्हाइकाच्या पिशवीत ओतून झालं, की संपलं असं नसायचं. गिऱ्हाईक हलायचं नाही, अप्पाही हलायचे नाहीत. मग अप्पांचा उजवा हात शेजारच्या पोत्यात जायचा, भरून वर यायचा आणि समोरच्या पदरात, पिशवीत, टोपीत, नाहीतर नुसत्या तळव्यावर रिता व्हायचा. डाळ असो, दाणे असोत, फुटाणे असोत. ही वरची मूठ. तिला भाव नव्हता आणि तिच्याविषयी कुणी चकार शब्द काढत नव्हतं. पण ती सगळ्यांना सारखी नसायची, हे रुद्राणीनं परकर घालायच्या वयात हेरलं होतं. घरात बाळंतीण असली की मूठ फुगायची. कुणी नवऱ्याशी भांडून माहेरी आलेली असली की तिच्या आईच्या पदरात मूठ जरा जास्त वेळ थांबायची. आणि गावकीत अप्पांच्या विरुद्ध बोललेल्या माणसालाही मूठ मिळायची, फक्त अप्पा ती देताना दुसऱ्याशी बोलत असायचे. काटा सगळ्यांना एकच होता. मूठ ज्याची त्याला वेगळी होती.

एवढ्या एका गोष्टीवर तिनं आपल्या प्रबंधातलं आख्खं प्रकरण उभं केलं होतं. विषय गावच्या बाजारातली देवाणघेवाण आणि तिच्यातली नीती. देशाची दारं उघडली म्हणून वर्तमानपत्रं रोज लिहीत होती, शहाण्यासुरत्या माणसांना बाजार म्हणजे नेमकं काय असा प्रश्न एकदम पडायला लागला होता, आणि रुद्राणीला वाटायचं, अहो, विचारा ना मला, मी बाजारात रांगलेय! तिचं म्हणणं असं, की वस्तूची किंमत काटा ठरवतो आणि माणसाची किंमत मूठ ठरवते. काट्यावर व्यवहार पुरा होतो, मूठ तो पुरा होऊ देत नाही, थोडा उघडा ठेवते, म्हणून माणूस परत येतो. मार्गदर्शक सरांना ते आवडलं होतं. प्रकरण परत देताना मात्र ते चष्मा पुसत म्हणाले होते, "रुद्राणीबाई, वडिलांबद्दल लिहिताय, जरा जपून. प्रेम हा काही पुरावा नसतो." ती हसली होती. तिला वाटलं होतं, सरांच्या वडिलांचं दुकान नव्हतं, त्यांना काय कळणार.

आणि मग गेल्या आठवड्यात दगडाबाई भेटली. म्हणजे रुद्राणीच भेटायला गेली होती, दिंद्रुडच्या शिवाराबाहेर, माळावर. दगडाबाई मेंढरांमागं उभा जन्म घातलेली बाई, अप्पांच्याच वयाची. अप्पांच्या दुकानात तुपाचा डबा घेऊन यायची आणि गूळ-चहापत्ती घेऊन जायची, आणि तिची वरची मूठ फुटाण्यांची ठरलेली, कारण मेंढरांमागं चालताना तोंडात टाकायला बरं. त्या दिवशी मांडीवर कोकरू आडवं घेऊन ती त्याच्या खुरातला काटा काढत होती. रुद्राणीनं सगळ्यांना विचारायची तीच गोष्ट तिलाही विचारली, "दगडाबाई, अप्पा वर मूठ कावून घालायचे?" दगडाबाई मान वर न करता हसली. "आता गं बया! काट्याखाली चिंच लावलेली, मग वर मूठ न्हाई घालावी तर काय करावं मानसानं?" रुद्राणीला वाटलं म्हातारी कुणा दुसऱ्याचं सांगतेय. "कुणाच्या काट्याखाली?" "तुज्या बापाच्या, आनखी कुनाच्या. मालाच्या पारड्याला, खालून. तुला ठावं न्हाई? साऱ्या दिंद्रुडाला ठावं हाय की." कोकरू ओरडलं, काटा निघाला, तिनं जखमेवर थुंकी लावली. मग रुद्राणीचा चेहरा बघून तिला काय वाटलं कोण जाणे, जरा समजावणीच्या सुरात म्हणाली, "अगं, आमी तरी कुटं धुतल्या तांदळासारखे? माझ्या तुपाच्या डब्यात बुडाला चांगली दोन बोटं बेरी असायची. ती काढली तर वजन उतरतंय. तुज्या बापानं एकदाबी डबा कलता करून बगितला न्हाई. लई भला मानूस." बेरी म्हणजे कढलेल्या तुपाचा तळाचा काळपट गाळ. आणि भला म्हणजे काय, हे त्या क्षणापर्यंत रुद्राणीला वाटत होतं की आपल्याला माहीत आहे.

घरी येऊन तिनं वह्या बाजूला सारल्या, त्या आजपर्यंत उघडल्या नव्हत्या. कारण चिंच तिला आठवत होती! खोटं असतं तर किती बरं झालं असतं. परकऱ्या वयातली गोष्ट, दिवाळीचा पाडवा तोंडावर आलेला, दुकानाची पूजा, आणि उमाबाईंनी, म्हणजे तिच्या आईनं, सगळी पितळ घासायला काढलेली. रुद्राणीनं आपण होऊन काट्याची दोन्ही पारडी उचलून मोरीवर नेली. पितळ घासायला चिंचच लागते, हे मराठवाड्यातल्या कुठल्याही पोरीला सांगावं लागत नाही. एका पारड्याच्या बुडाला चिंचेचा वाळून दगड झालेला गोळा चिकटलेला होता. तिला वाटलं, गेल्या वर्षी घासताना राहून गेला असेल, आपली आई तरी कशी वेंधळी! नखानं, मग विळीच्या टोकानं, जीव लावून तिनं तो खरवडून काढला, राखेनं लखलखीत केलं, आणि मिरवत अप्पांपुढं नेऊन ठेवलं. अप्पांनी पारडं उलटं करून बघितलं. तिच्याकडं बघितलं. पुन्हा पारड्याकडं. आणि मग ते हसायला लागले, कपाळावरची विभूती घामानं ओघळेपर्यंत, कुणीतरी पाणी आणून देईपर्यंत हसत राहिले. "धुतलंस व्हय? लई झाक धुतलंस गं, रुद्रे!" म्हणाले आणि तिला गुळाचा मोठा खडा दिला. इतकी वर्षं तो हसणारा बाप तिनं जिवापाड जपला होता. पाडव्यानंतर पारड्याला पुन्हा चिंच दिसली होती तेव्हा तिला वाटलं होतं, अप्पांनी माझं बघून आपणही घासलं.

तेव्हा हे असं होतं. प्रकरण तिच्या टेबलावर पडून होतं आणि ती त्याला हात लावत नव्हती. दगडाबाईचं लिहिलं तर विद्यापीठाच्या कपाटात अप्पा कायमचे मापात मारणारे वाणी म्हणून जाऊन बसणार. नाही लिहिलं तर प्रकरणातली ओळन् ओळ लबाड. पण खरं सांगायचं तर प्रकरण गेलं चुलीत. तिला अप्पा पाहिजे होते. वर्षाखाली त्यांची उजवी बाजू गेली, जीभ जड झाली, तेव्हापासून ते दर महिन्याला थोडे थोडे कमी होत होते आणि ती मनातल्या मनात दुकानातले अप्पा काढून त्यांच्यावर पांघरत होती. मूठ भरून वर येणारे अप्पा. तीच मूठ लोकांचीच लोकांना परत असेल, तर मग आपण जन्मभर माया म्हणून जी ओळखत आलो ती काय होती? एखाद्या हुशार दुकानदाराची युक्ती? आणि आज सुभाष रोडवर बंद पाकीट हातात पडल्यावर, जिथं एक कणही कमी नव्हता, जिथं कुणी कुणाला फसवलं नव्हतं, तिथं तिचा हात निर्लज्जासारखा पुढं राहिला होता. डोक्याला सगळं कळलं होतं, हाताला काही केल्या पटत नव्हतं. खोलीवर पोचल्यावर तिनं साखर डब्यात ओतली, पाकीट घडी करून ठेवलं, आणि उद्या दिंद्रुडला जायचं ठरवलं.

दुसऱ्या दिवशी परळी गाडीत खिडकीजवळ बसून ती वडवणीपर्यंत वाक्यं जुळवत होती. 'अप्पा, एक विचारू?' छे, परीक्षा घेतल्यासारखं. 'अप्पा, दगडाबाई म्हणत होती.' म्हणजे चहाडी. 'अप्पा, ती चिंच.' तेलगाव येईस्तोवर तिला स्वतःचाच राग आला. अनोळखी माणसांच्या ओट्यावर बसून त्यांना घरातलं धान्य, आहेर, मानपान सगळं खोदून खोदून विचारणारी ही बाई, आणि स्वतःच्या बापाला एक प्रश्न विचारायला जीभ उचलत नव्हती. विचारलं आणि त्यांनी मान खाली घातली तर? त्या मोडक्या देहानं आपल्यापुढं मान खाली घातलेली आपण कशी बघायची? त्यापेक्षा नको. त्यापेक्षा पेढे द्यावेत, पाय दाबावेत आणि संध्याकाळच्या गाडीनं परतावं. दिंद्रुडला उतरली तेव्हा तिचं हेच ठरलं होतं.

बाजाराचा दिवस होता. दुकानात महांतेश, तिचा धाकटा भाऊ, नव्या यंत्रापुढं नवरदेवासारखा बसला होता. यंत्राला हळदकुंकू, वर फुलं, आणि पोटात लाल आकडे. "अक्का, ये ये! बघ तरी, ग्रामाग्रामाचा हिशोब," म्हणून त्यानं तिची पर्स तोलून दाखवली, मग स्वतःचं पाकीट, मग एक लिंबू. जुना काटा कोपऱ्यात फळीवर मुडपून ठेवला होता. अप्पा आपल्या जुन्या जागीच होते, सतरंजीवर, फुटाण्याच्या पोत्याला टेकून, गळ्यात लिंगाची चौकोनी चांदीची पेटी, कपाळाला विभूती. डाव्या हातानं ओढलेली, म्हणून पट्टे तिरके. उजवा हात मांडीवर मांजर झोपावं तसा निजलेला. रुद्राणी पाया पडली, जवळ बसली, पेढे पुढं केले. आणि ठरवलेलं सगळं विसरून, बाजाराच्या त्या कालव्यात, लहान पोरीसारखं एकदम बोलली, "अप्पा, पारड्याखाली चिंच असायची ना?"

अप्पांनी मान खाली घातली नाही. त्यांचा अर्धा चेहरा हळूहळू हसायला लागला, उरलेला अर्धा तसाच राहिला. "तू... धुतलतंस," ते म्हणाले. एकेक शब्द उंबरा ओलांडल्यासारखा येत होता. त्यांना आठवत होतं तर! रुद्राणीला हसू आलं आणि डोळ्यांत पाणी आलं आणि दोन्हींचा राग आला. "पण कावून अप्पा?"  मधे महांतेशनं तेल तोललं, मीठ तोललं. "माज्या बापाची व्हती," अप्पा म्हणाले. "दुकान हातात आलं... तवा काडली मी. बरुबर तोललं. मंग वर मूठ... घातली न्हाई. कशाला घालू? बरुबरच व्हतं की." ते थांबले, श्वास घेतला. "लोक म्हनाले, शिवलिंगअप्पा, राग आला व्हय आमचा? एक जन तर... रडला." पुन्हा ते अर्धं हसू. "मंग लावली परत." महांतेशला मधेच तोंड घातल्याशिवाय राहवलं नाही. "आता ती भानगडच नको बघ, अक्का. मशीन खोटं बोलत न्हाई." अप्पा म्हणाले, "ते बोलतच न्हाई."

रुद्राणीला एरवी हे ऐकून वही काढावीशी वाटली असती. केवढं मोठं उदाहरण! बरोबर तोललेलं लोकांना रागासारखं लागलं. सर खूश झाले असते. पण तिच्या आत बसलेली ती परकरी पोरगी काही खूश होईना. गोष्ट गोड आहे, तिला वाटलं, मापात मारणाऱ्या प्रत्येकाजवळ एक गोड गोष्ट असतेच. आधी काढून घ्यायचं, मग आपल्या हातानं द्यायचं आणि देणारा म्हणून मिरवायचं. लोकांना माहीत होतं म्हणून काय झालं? लोकांना पुष्कळ गोष्टी माहीत असतात, आणि ते चालवून घेतात, कारण त्यांना संध्याकाळी मीठ लागतं. तिनं अप्पांच्या निजलेल्या हाताकडं बघितलं. हा हात तिला इतका आवडत होता की त्याच्यावर संशय घेताना आपणच चोरी करतोय असं तिला वाटत होतं. अप्पांना ते कळलं असावं. तिच्याकडं बघणं त्यांनी सोडलं आणि बाहेर बाजाराकडं बघत बसले.

तेवढ्यात दारात दगडाबाई आली. "शरणार्थ हो अप्पा. बरं हाय न्हवं?" म्हणाली, रुद्राणीला बघून "आलीस व्हय पोरी" म्हणाली, आणि यंत्राकडं जरा लांबूनच बघत महांतेशला गूळ मागितला. लाल आकडे पळाले, थांबले. महांतेशनं एक चिमूटभर गूळ कमी केला, मग अर्धी चिमूट वर घातला, आकडा जुळल्यावर प्लास्टिकच्या पिशवीला गाठ मारून पुढं केली. दगडाबाईनं पिशवी घेतली. आणि मग तिचा दुसरा हात आपोआप पदराकडं गेला, पदराचं टोक अर्धवट पुढं आलं. रुद्राणी बघत होती. तिला कालचा काउंटर आठवला, काचेवरचा आपला हात. दगडाबाईच्याही ते ध्यानात आलं. तिनं पदर ओढून घेतला, कमरेला खोचला आणि वळली.

"थांब," अप्पा म्हणाले. त्यांचा डावा हात मागं पोत्यात गेला आणि फुटाण्यांनी भरून आला. पण डाव्या हातानं द्यायचं कसं? ते घुटमळले. मग त्यांनी ती मूठ मांडीवरच्या उजव्या तळव्यात ओतली, डावा हात त्याच्या खाली घातला, आणि तो निजलेला हात लेकरू उचलावं तसा उचलून पुढं धरला. चार फुटाणे सतरंजीवर सांडले. महांतेश म्हणाला, "अप्पा, मशीनवर बरोबर झालंय हो." दगडाबाईनं आधी त्या हाताकडं बघितलं, मग फळीवरच्या जुन्या काट्याकडं बघितलं, आणि दोन पावलं मागं सरली. "नगं अप्पा," ती हळू आवाजात म्हणाली. "काटा आता बरुबर हाय. आता कसली मूठ? माजं काई ऱ्हायलं न्हाई तुमच्याकडं."

अप्पांचा हात पुढंच राहिला. खालच्या डाव्याला त्याचा भार पेलेना. रुद्राणीला वाटलं धरावा, पण तिला हलता येईना. अप्पांच्या ओठांची एक बाजू शब्दाशी झगडत होती आणि सगळं दुकान, महांतेशसुद्धा, त्या शब्दाची वाट बघत उभं होतं. "आजवर," अप्पा म्हणाले. थांबले. "आजवर तुजंच... तुला देत व्हतो. ही माजी हाय. घे."

 दगडाबाईनं कमरेचा पदर सोडला, दोन्ही हातांनी पसरला आणि पुढं धरला. अप्पांना हात उलटा करता येईना, तेव्हा तिनंच पदराच्या कापडाखालून तो अलगद कलता केला. फुटाणे पडले. मग ती गाठ मारत पायऱ्या उतरली, आणि खाली रस्त्यावर गेल्यावर, पाठमोरीच, मोठ्यानं म्हणाली, "पुढल्या बाजारी तूप आनते. बेरी काडून!"

महांतेश हसला, मग कशाला हसलो ते न कळून यंत्र पुसायला लागला. अप्पा पोत्याला टेकून दमलेला श्वास घेत होते. तिरक्या विभूतीखालचं त्यांचं कपाळ घामानं चमकत होतं, त्या पाडव्याला चमकलं होतं तसंच. रुद्राणीला न कळताच तिचा उजवा हात पुढं झाला, तळवा वर, बोटं जराशी आत वळलेली. अप्पांनी त्या हाताकडं बघितलं.  "तुला कावून?" ते म्हणाले. "तू काय गिऱ्हाईक हायस व्हय?" आणि डावा हात पुन्हा पोत्यात घातला.